सतरावी गोळी

सोमवारी सकाळी माझा फोन मला ओळखेनासा झाला. अंगठा टेकवला, फोन थरथरला. पुसून टेकवला, पुन्हा थरथरला. पाचव्या खेपेला त्याने कोरडेपणाने सांगितलं, आकडे टाका. मी अंगठा उजेडात धरून पाहिला. पेरावर आडवा लाल वळ, नखाच्या कडेचं कातडं सोललेलं आणि मधोमध एक गोल खड्डा. या अवस्थेत मीही त्याला ओळखलं नसतं.

शनिवारी रेंजवर शंभर गोळ्या झाडल्या होत्या. झाडताना काही झालं नाही. जे झालं ते भरताना.

पिस्तुलाचा सराव म्हटला की लोकांच्या डोळ्यांपुढे रोखलेली नजर, धरलेला श्वास, स्थिर हात असलं काहीतरी येतं. सिनेमात तेवढंच दाखवतात. नायक रिकामं मॅगझिन फेकतो, कमरेचं भरलेलं काढतो, खट्‌कन बसवतो. ते कमरेचं भरून कोणी ठेवलं हे कोणी विचारत नाही. पुरणपोळीचं ताट वीस मिनिटांत संपतं. पुरण कोणी वाटलं हे जसं पंगतीत कोणी विचारत नाही, तसंच. सतरा गोळ्या झाडायला अर्धं मिनिट पुरतं. त्या भरायला माझ्यासारख्याला तीन मिनिटं लागतात, आणि ती तिन्ही मिनिटं एकटा अंगठा राबत असतो.

मराठीने अंगठ्याची तशी बूज राखलेली नाही. दाखवायचा तो हुलकावणी देताना, उठवायचा तो सही येत नसताना. शाळेत मास्तर धरायला लावत तेही पायाचे. पुराणात एकच अंगठा गाजला, तोही कापून दिला म्हणून. मी काही एकलव्याच्या पंगतीत बसणारा नव्हे, माझ्या गुरूने अजून काही मागितलेलंही नाही. पण शनिवारी दुपारी जेवताना दुखऱ्या अंगठ्याने वाटी धरली की मला त्या पोराची फार आठवण येते.

माझा गुरू म्हणजे आमचा कोल्हापूरकर. डॅलसच्या उत्तरेला आमच्या वस्तीत जे मराठी लोक आहेत त्यांत शनिवारी सकाळी योगासनं करणारे आहेत, क्रिकेट खेळणारे आहेत, आणि हा एकटा रेंजवर जाणारा. मुळात नेमबाजी हा कोल्हापूरचाच खेळ आहे, बाकीच्या जगाने तो उसना घेतलाय, अशी त्याची प्रामाणिक समजूत आहे. त्याला पुरावे विचारले की तो बोटांवर मोजत बसतो. तेजस्विनी सावंत २०१० साली म्युनिकला जगज्जेती झाली. राही सरनोबतने २०१८ च्या एशियाडमध्ये पालेमबांगला २५ मीटर पिस्तुलाचं सुवर्ण घेतलं. राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा, तेव्हा रेल्वेत टीसी असलेला स्वप्नील कुसाळे २०२४ ला पॅरिसहून रायफलचं कांस्य घेऊन आला. इतकं ऐकल्यावर माझ्यासारख्या कुडाळच्या माणसाने गप्प बसावं हे बरं. आमच्याकडे दशावतार आहे, पण त्याला पदक देत नाहीत.

मला या खेळाकडे वळायलाच उशीर झाला. एच-वन व्हिसावर असताना, काही अपवाद सोडले तर, इथल्या केंद्राच्या कायद्याने बंदूक हाताळता येत नाही. ग्रीन कार्डाच्या रांगेत आपली माणसं केस पिकवतात, तसे मीही पिकवले. मग २०१९ साली न्यू जर्सीत असताना पिस्तूल घेतलं. तिथे त्याआधी ओळखपत्राचा अर्ज, परवान्याचा अर्ज, ओळखीच्या माणसांची नावं आणि दहाही बोटांचे ठसे. म्हणजे या प्रकरणात माझ्या अंगठ्याला पहिल्या दिवसापासून गुंतवलं होतं. पण तेव्हा त्याला त्रास नव्हता. न्यू जर्सीने २०१८ मध्ये कायदा करून मॅगझिनची मर्यादा १५ गोळ्यांवरून १० वर आणली होती. त्यामागचे हेतू मोठे आणि गंभीर आहेत, त्यांवर तिथे अजून हिरीरीने वाद होतात. माझ्यापुरतं सांगायचं तर दहाव्या गोळीपर्यंत अंगठा हसतखेळत जातो. नोकरीपायी टेक्ससला आलो. इथे तशी मर्यादा नाही. दुकानातून सतरा गोळ्यांची दोन मॅगझिनं मोठ्या हौसेने आणली आणि तिथून दुखणं सुरू झालं.

दहा आणि सतरा यांत फरक सातचाच, पण तो कोकणात गेलेल्या माणसालाच कळेल. गणपतीच्या आदल्या दिवशी दादरला कोकणच्या गाडीचा जनरल डबा जसा भरतो, तसं मॅगझिन भरतं. पहिले दहाजण ऐसपैस बसतात. अकरावा येतो, त्याला सरकून जागा देतात. तेराव्याला म्हणतात, मागे गाडी आहे. पंधरावा आत शिरतो तो कोणाच्या तरी पायावर उभा राहून. आणि सतरावा आत येतो तेव्हा सगळा डबा एक होऊन त्याला बाहेर ढकलत असतो. मॅगझिनच्या पोटात ही ढकलण्याची जबाबदारी स्प्रिंगकडे दिलेली आहे. जितक्या गोळ्या आत, तितकी ती दबलेली, आणि जितकी दबलेली तितकी चिडलेली. नव्या मॅगझिनची स्प्रिंग तर नव्या सुनेच्या माहेरच्या माणसांसारखी, पहिले काही महिने ताठच.

या दुखण्याचा मूळ अपराधी मी शोधून काढलाय. पूर्वी मॅगझिनात गोळ्या एकावर एक, एकाच ओळीत असत. जर्मन लुगरमध्ये ८, अमेरिकन कोल्टच्या १९११ मध्ये ७. सज्जन आकडे. मग बेल्जियममध्ये एफएन कारखान्यात द्यूदोने सैव्ह नावाचा माणूस होता, त्याने गोळ्या डावी-उजवी अशा आळीपाळीने रचायच्या ठरवल्या. हापूसची पेटी भरताना दोन आंब्यांच्या खाचेत वरचा आंबा बसवतात, अगदी तसंच. तेवढ्याच उंचीत जवळजवळ दुप्पट माल. १९३५ साली बाजारात आलेल्या ब्राउनिंग हाय-पॉवरमध्ये १३ गोळ्या बसू लागल्या. आता आंब्याची पेटी वरून सरळ उघडी असते. मॅगझिनचं तसं नाही. पिस्तुलाला गोळी एकेकच लागते, म्हणून तोंडाशी त्या दोन ओळींची एक ओळ होते आणि वरून दोन पोलादी ओठ मिटतात. देवळात दोन दर्शनबाऱ्या गाभाऱ्याच्या दारात एक होतात, तिथे जी रेटारेटी होते ती आठवा. माझा अंगठा त्या दारातला पुजारी आहे. आतल्या गोळीला खाली दाबून धरायचं, तेवढ्यात नवीला पुढून आत सरकवायचं, ती सरकेपर्यंत दाब सोडायचा नाही, आणि सरकल्यावर आपलं बोट वेळेत काढून घ्यायचं. चौथ्या भागात मी कच्चा आहे.

माझं पिस्तूल ग्लॉक. ते बनवणारा ऑस्ट्रियाचा गॅस्टन ग्लॉक, ज्याने त्याआधी पिस्तूल केलेलं नव्हतं. तो पडद्यांचे रॉड आणि सुऱ्या बनवत असे. १९८२ साली ऑस्ट्रियाच्या सैन्याने त्याचं १७ गोळ्यांचं पिस्तूल घेतलं आणि पडदे मागे पडले. मला हा माणूस फार आवडतो. आपल्याकडे पडद्याचे रॉड बनवणारा सैन्याच्या कचेरीत नमुना घेऊन गेला असता तर त्याला आधी साहेबांच्या बंगल्याची मापं घ्यायला पाठवलं असतं.

तर, अंगठा सुजला. रविवारी व्हिडिओ कॉलवर बाबांनी तो पाहिला. मी टोमॅटो सॉसची बाटली दाखवत होतो, त्यांना मात्र अंगठाच दिसला.

“रे, अंगठो कसो सुजलो?”

“काही नाही बाबा. गोळ्या भरताना.”

“कसल्यो गोळ्यो? डॉक्टरान दिल्यो?”

विषय मी हवामानावर नेला.

कोल्हापूरकराला विचारलं तर तो म्हणाला, “आरं, मग दहाच भर की! सतरा भरायला कुनी सांगितलंय? राहीनं पाच-पाच गोळ्या भरून पालेमबांगला सोनं आनलं. तू सतरा भरून कागदाच्या भायेर मारतोस.”

यात तथ्य होतं. २५ मीटर पिस्तुलाच्या स्पर्धेत पाच-पाच गोळ्यांच्याच फैरी असतात आणि काडतूसही लहान, पॉइंट टू-टूचं. पण सतराची जागा असताना दहाच भरायच्या, हे माझ्याने होईना. पाच लिटरच्या कुकरमध्ये कोणी मूठभर भात लावतो का? आमच्या घराण्यात रिकामी जागा सोडायची पद्धत नाही. गावाहून येणाऱ्या पेटीत आंब्यांच्या मधल्या फटीत आई कोकमाच्या पुड्या घालते, आणि पुड्यांच्या मधल्या फटीत लसणाच्या कांड्या.

यावर यंत्र असतं हे मला माहीत होतं. लोडर म्हणतात. मग मी लोडर घ्यायचं ठरवलं, आणि ठरवलं म्हणजे सहा आठवडे नुसतंच ठरवलं.

आमच्याकडे वस्तू विकत घेणं ही शेवटची, जरा कमीपणाची पायरी समजतात. त्याआधी घरात काय आहे ते बघायचं. मी आईचं जुनं पितळी अंगुस्तान अंगठ्यावर चढवून पाहिलं. बोट वाचलं, पण ते ओठांच्या मधे अडकून बसलं आणि अंगुस्तान आधी काढायचं की गोळी, असा प्रश्न आला. मग लाकडी रवीचा दांडा घ्यायला स्वयंपाकघराकडे वळलो तर बायको दारात उभी. गोळ्यांना हात लागला की साबणाने आणि गार पाण्याने हात धुतल्याशिवाय, कपडे बदलल्याशिवाय इकडे पाऊल टाकायचं नाही, हा तिचा नियम. शिशाचा प्रश्न असल्यामुळे त्यावर अपील नाही. आजीच्या सोवळ्याहून हे कडक आहे. आजी निदान रेशमी कद नेसलेल्याला आत घेत असे.

मग तक्ता केला. बाजारातले लोडर ढोबळपणे तीन जातींचे निघाले. पहिली जात म्हणजे अंगठ्याची टोपी. प्लास्टिकचं एक नळकांडं मॅगझिनच्या तोंडावर सरकवायचं आणि त्याच्या टाळूवर दाबायचं. दाब तुमचाच, फक्त तो पोलादाऐवजी गुळगुळीत प्लास्टिकवर पडतो. किंमत मामुली, पण एका टोपीला एकच डोकं. दुसऱ्या बंदुकीला दुसरी टोपी. दुसरी जात चिमट्याची. त्यातला नावाजलेला म्हणजे इस्रायलच्या मॅगलुला कंपनीचा अपलुला. हे नाव ऐकताक्षणी मला ‘आपुला’ वाटलं. तो हाताच्या पंज्यात धरायचा, वरून मॅगझिनवर दाबायचा. त्याची चोच आतल्या गोळीला खाली धरते, तुम्ही नवी गोळी ठेवायची आणि हात उचलायचा. अंगठ्याचं काम तळहाताने केलं. नऊ मिलिमीटरपासून पॉइंट फोर फाइव्हपर्यंतची बहुतेक मॅगझिनं तो एकटा भरतो. वापरलेल्यापैकी कोणी त्याला नावं ठेवलेली मी ऐकली नाहीत. किंमत तीस डॉलरच्या पलीकडे. आणि तिसरी जात म्हणजे या दुसऱ्या जातीची हुबेहूब नक्कल, निम्म्याहून कमी भावात. टेबलाला बसवायची, वरून पसाभर गोळ्या ओतायची यंत्रंही असतात, पण ती मला भाताच्या गिरणीसारखी वाटली. माझ्या दोन पायली दाण्यांना गिरणी कशाला?

समंजस माणसाने इथे तीस-पस्तीस डॉलर टाकून विषय संपवला असता. मी हिशेब केला. सहाशे डॉलरच्या आसपासच्या पिस्तुलासाठी पस्तीस डॉलरचा चिमटा. मग हिशेब रुपयांत केला. या देशात येऊन इतकी वर्षं झाली तरी माझा मोठा खर्च डॉलरांत होतो आणि किरकोळ खर्च रुपयांत. पस्तीस डॉलरांचे जवळजवळ तीन हजार रुपये. तीन हजार रुपयांचा चिमटा! आमच्या गावच्या बाजारात तेवढ्यात लोहार बसवून घेता येईल. तक्त्यात वजन, रंग, परत करण्याची मुदत असे रकाने वाढत गेले. बायकोने एकदा खांद्यावरून डोकावून पाहिलं आणि म्हणाली, “आपण घर घेतलं तेव्हा एवढे रकाने नव्हते.”

कोल्हापूरकराकडे अपलुला होता. आठ वर्षं वापरलेला, कडा पांढऱ्या पडलेला. तो मला सहज देत असे. पण उसनी वस्तू वापरताना माझा हात आखडतो. त्याच्या चिमट्याने भरलेल्या गोळ्या माझ्या नेमाला लागल्याच नाहीत, हे मी त्याला सांगितलं तेव्हा त्याने माझ्याकडे बराच वेळ बघितलं.

शेवटी तिसऱ्या जातीचा घेतला. बारा डॉलर. पहिल्या शनिवारी त्याने सुरेख काम केलं, मी तक्त्यातला रकाना हिरवा केला. दुसऱ्या शनिवारी चोच किंचित डगमगायला लागली. डगमग म्हणजे बिघाड नव्हे, असं मी स्वतःला समजावलं. तिसऱ्या शनिवारी, बाराव्या गोळीला, त्याच्या पोटातली खीळ निखळली आणि एक नाजूक स्प्रिंग टुणकन उडून पुढे पडली. पुढे म्हणजे जिथे उभं राहून नेम धरतात त्या ओट्याच्या पलीकडे.

रेंजवरचा पहिला नियम असा की त्या रेषेपलीकडे काहीही पडलं तरी ते तुमचं राहिलं नाही. गोळीबार थांबवल्याशिवाय कोणी पुढे वाकत नाही, हात घालत नाही. आणि बारा डॉलरच्या चिमट्यासाठी सगळी रेंज कोण थांबवणार? स्प्रिंग माझ्यापासून चार फुटांवर दिव्याखाली चमकत पडली होती. शेजारच्या गल्लीतून रिकाम्या पुंगळ्या तिच्यावर टपटपत होत्या. देखरेखीचा गोरा म्हातारा आला, माझ्या हातातला चिमट्याचा सांगाडा पाहिला, पलीकडची स्प्रिंग पाहिली, आणि कोणाच्या दुःखात सामील होताना माना हलवतात तशी मान हलवून गेला. संध्याकाळी पुंगळ्यांबरोबर ती झाडून डब्यात गेली असणार.

त्या पुंगळ्यांच्या ढिगाकडे बघताना मला कॉलेजातली एनसीसी आठवते. पॉइंट टू-टूची रायफल, जमिनीवर पालथं पडून नेम धरायचा, आणि वाट्याला गोळ्या पाच. एक झाडायची, खिट्टी ओढायची, दुसरी बोटाने आत ठेवायची. झाल्यावर रिकाम्या पुंगळ्या मोजून परत द्यायच्या. एकदा आमच्या तुकडीत एक पुंगळी कमी भरली, तर आम्ही चाळीस पोरं गुडघ्यांवर बसून गवत विंचरत होतो. उस्ताद वर उभे. तासाभराने ती कोणाच्या तरी बुटाच्या पट्टीत सापडली. मला आजही इथे पुंगळ्या पायाखाली चुरचुरल्या की दचकायला होतं. वाटतं, कोणीतरी मोजायला येईल.

चिमटा मेला, आणि मी पुन्हा तक्ता उघडला. दिवाळी तोंडावर आली होती. कपाट आवरताना पिस्तुलाचा मूळ काळा डबा हाती लागला. पिस्तूल तिजोरीत असतं, त्यामुळे हा डबा न्यू जर्सी सोडल्यापासून उघडलेलाच नव्हता. आत साफसफाईची काडी, ब्रश, वाचायचं राहून गेलेलं पुस्तक, आणि फोमच्या खाचेत एक काळा प्लास्टिकचा तुकडा. हा मी पहिल्या दिवशीच पाहिला होता. वाहतुकीत डबा खुळखुळू नये म्हणून घातलेलं काहीतरी असेल अशी समजूत करून घेतली होती. दहा गोळ्या भरणाऱ्याला त्याची कधी गरजच पडली नाही. आता सहज म्हणून पुस्तक उघडलं. आपण मराठी माणसं माहितीपुस्तक वस्तू बिघडल्यावर वाचतो, आणि इथे बिघडली होती ती वेगळीच वस्तू. चित्र होतं. चित्रातला अंगठा त्या काळ्या तुकड्यावर ऐटीत विसावलेला होता.

टोपी होती ती. पहिल्या जातीची. पिस्तुलाबरोबर फुकट आलेली.

तिथल्या तिथे रिकामं मॅगझिन आणून ती बसवून पाहिली. जशी काही त्याच्याच मापाची शिवलेली, आणि होतीच. बायको कंदील लावत होती. तिला सांगावं की नाही यावर मी थोडा वेळ विचार केला, मग सांगितलं. संसारात अशी एखादी गोष्ट आपण होऊन दिली की पुढच्या दोन-तीन गोष्टी पोटात ठेवता येतात. ती शिडीवरून उतरली नाही. वरूनच म्हणाली, “फुकट आलेली वस्तू शोधायला बारा डॉलर लागले, एवढंच ना? मग स्वस्तात पडली.”

आता सगळं सुरळीत व्हायला हवं होतं. टोपीने सतरावी गोळी जाते. अपलुलाइतकी लोण्यासारखी नाही, शेवटच्या दोनतीनला ओठ चावावा लागतो, पण अंगठ्याला वळ नाही, खड्डा नाही. फोन मला पुन्हा ओळखू लागला. पण महिन्याच्या शेवटी कार्डाचं बिल आलं, आणि तिथे एक गोष्ट दिसली जी तक्त्याच्या एकाही रकान्यात नव्हती. मी घेतो तो पन्नास गोळ्यांचा खोका तेरा डॉलरच्या आसपास पडतो. अंगठा दुखत होता तोवर शंभरावर थांबत होतो. दोन खोके, सव्वीस डॉलर. टोपी आल्यापासून दोनशे झाडत होतो, एकदा तीनशेही. इतके दिवस माझा अंगठा घरचा अर्थमंत्री होता आणि मला तो केवळ एक दुखरा अवयव वाटत होता.

आणि नेम? कोल्हापूरकराने कागद उजेडाकडे धरून पाहिला. “चाळणी झालीया,” म्हणाला, “पर मधलं भोक कुठंय?” पूर्वी भरण्याची तीन मिनिटं जायची तेवढ्यात मागच्या फैरीचा विचार व्हायचा. चाप ओढताना मनगट गळतं, ते का गळतं, हे भरताभरता ध्यानात यायचं. शिवाय गप्पा. दोघं बाकावर बसून एकेक गोळी दाबत, कोणाच्या मुलाला कुठे प्रवेश मिळाला, तांबडा रस्सा वरचढ की भूतलावर श्रेष्ठ अशी आमची सोलकढी, असले विषय निघायचे. टोपी बसवल्यावर बोलायला वेळच उरेना. भरलं की झाड, झाडलं की भर.

माझ्या आजोबांची ठासणीची बंदूक होती. सिंधुदुर्गात शेतीसंरक्षणाचा परवाना असलेल्या अशा बंदुका अजून घरोघर नसल्या तरी वाडीवाडीत आहेत. ती भरणं हा लहानपणी आम्हा पोरांच्या दृष्टीने सोहळा असे. आधी नळीत मापाने दारू. मग काथ्याचा बोळा. मग गज घालून ठासायचं. एकदा, दोनदा, कान देऊन आवाज ऐकायचा, पुन्हा ठासायचं. मग घोड्याखाली केप. ‘ठासून’ हा शब्द मराठी माणूस सभेत सहज वापरतो. त्यामागे किती दम लागतो हे मी आजोबांच्या कपाळावरच्या घामात पाहिलं आहे. छर्रे ते माकडांसाठी कधी घालत नसत, नुसताच बार, तोही आकाशात. आणि हे सगळं होईस्तोवर माडावरची माकडं शहाळी खाऊन, करवंट्या खाली टाकून शेजाऱ्यांच्या माडावर गेलेली असत. तरी आजोबा बार काढायचेच. भरलेली बंदूक घरात ठेवायची नाही, म्हणून. धूर विरला की ओटीवर बसून सुपारी कातरायचे. दुसऱ्यांदा भरताना मी त्यांना कधीच पाहिलं नाही.

गेल्या शनिवारी मी जुनीच दहा गोळ्यांची न्यू जर्सीची मॅगझिनं घेऊन गेलो. टोपी खिशात होती, पण खिशातच राहिली. कोल्हापूरकराने काही विचारलं नाही. बाकावर सरकून जागा दिली आणि स्वतःचा अपलुला पिशवीत टाकून बोटाने भरायला लागला. मेल्याचे अंगठे पैलवानाचे आहेत, त्याचं काय जातंय. शंभर झाल्या, आम्ही उठलो. अंगठा थोडा लाल होता.

रविवारी बाबांचा फोन आला तेव्हा तो लपवायचं लक्षात राहिलं नाही.

“परत सुजलो? खरा सांग, काय करतस तू?”

मग सांगितलं सगळं. रेंज, कागद, मॅगझिन, टोपी. ते ऐकून घेत होते. आजोबांच्या पश्चात बंदुकीचा परवाना आता त्यांच्या नावावर आहे. मागे भिंतीवरची खुंटी रिकामी दिसली, म्हणून मी विचारलं.

“पोलीस ठाण्यात जमा केलंय. निवडणूक लागली मां.” ते वैतागून म्हणाले. “माकडांका आचारसंहिता बरोबर कळता. काल पडवेपर्यंत इली. केळीचो घड गेलो.”

मी हळहळलो. थोडा वेळ दोघंही गप्प. मग त्यांनी चष्मा वर सरकवला आणि कॅमेऱ्याच्या अगदी जवळ आले.

“तुझ्या त्या बंदुकीत एका वेळाक किती भरतत म्हणालंस?”

“सतरा.”

ते मागे टेकले. बराच वेळ माझ्याकडे काळजीने बघत राहिले.

“इतकी माकडां आसत थंय?”